फाट्यावरचा चहा

चहावरची पुस्तकं बहुधा डोंगरावर सुरू होतात. धुकं असतं, हिरवेगार उतार असतात, पाठीला टोपली बांधलेल्या बायका असतात. हे पुस्तकही पुढे तिथे जाणारच आहे. प्रस्तावना मात्र मी मुद्दाम चिंचोटी फाट्यावरून लिहितो आहे. चहाचं एक झुडूपही इथे उगवत नाही आणि चहावाचून इथलं पानही हलत नाही.

मुंबई-अहमदाबाद महामार्ग वसईची खाडी ओलांडून उत्तरेकडे निघाला की थोड्याच वेळात चिंचोटी लागते. उजव्या हाताला तुंगारेश्वरचं जंगल, आणि फाट्यावरून कामण-खारबावमार्गे अंजूरफाट्याकडे, म्हणजे भिवंडीच्या गोदामांकडे वळणारा रस्ता. त्या रस्त्यावरच्या खड्ड्यांवर वेगळं पुस्तक लिहिता येईल. गुजरातेतून माल भरून आलेले ट्रक इथे वळतात, वसई पूर्वेच्या कारखान्यांतली पाळी सुटलेले कामगार इथे रिक्षेची वाट बघतात, पाड्यांवरून मजुरीला निघालेली माणसं इथे जमतात, आणि पावसाळ्यात धबधब्याकडे निघालेल्या पोरांचे घोळके इथे थांबतात. ह्या सगळ्यांना जोडणारी एकच गोष्ट आहे. टपरीवरचं ते काळपट झालेलं पातेलं.

त्या पातेल्यात असतं काय? पावडर आसामची किंवा उत्तर बंगालमधल्या डुआर्सची. साखर पश्चिम महाराष्ट्रातल्या कुठल्यातरी कारखान्याची. दूध आसपासच्या तबेल्यातलं, नाहीतर पिशवीचं. वेलदोडा टाकलाच तर तो केरळातून आलेला. पाणी तेवढं इथलं म्हणावं, तर तेही पुष्कळदा टँकरचं. दोन-तीन घोटांत संपणारा कटिंग म्हणजे अर्ध्या देशाची वाहतूक आहे. चहा हा मुळात असाच पदार्थ आहे, असं माझं मत हे पुस्तक लिहिता लिहिता पक्कं होत गेलं. तो पिकतो एकीकडे, विकला जातो दुसरीकडे आणि त्याला रूप येतं ते वाटेवर. म्हणून त्याची गोष्ट बागेपेक्षा फाट्यावरून अधिक स्वच्छ दिसते.

आधी एका साध्या प्रश्नाचा निकाल लावू. तुंगारेश्वरच्या उतारावर चहा का होत नाही? पाऊस तर भरपूर आहे, उतारही आहे, पाणी साचत नाही. अडचण पावसाच्या प्रमाणाची नाही, वेळापत्रकाची आहे. चहाच्या झाडाला आम्लधर्मी माती लागते, मुळाशी पाणी थांबलेलं चालत नाही, आणि सर्वांत महत्त्वाचं म्हणजे वर्षभर ओल लागते. आपल्याकडे जूनपासून चार महिने आभाळ फाटतं आणि नंतरचे सात-आठ महिने थेंब नाही. आसामात मान्सूनच्या आधीच, मार्च-एप्रिलपासून वळवाच्या सरी सुरू होतात. निलगिरीला नैर्ऋत्य आणि ईशान्य असे दोन्ही पाऊस मिळतात. आपली जमीन मार्च-एप्रिलमध्ये भेगाळलेली असते, आणि नेमक्या त्याच वेळी चहाला नवी पालवी फुटायची असते. सह्याद्री दक्षिणेत मुन्नार-वायनाडला चहा पिकवतो आणि महाराष्ट्रात पिकवत नाही, त्याचं मोठं कारण हे आहे. महाबळेश्वरला स्ट्रॉबेरी होते म्हणून चहाही व्हावा, हा युक्तिवाद मी पुष्कळ ऐकला आहे. त्याला उत्तर एवढंच.

वसईच्या परसात होतो तो गवती चहा. त्याचं आणि खऱ्या चहाचं काही नातं नाही. ते सुगंधी तेल असलेलं गवत आहे, आणि चहाचं झाड कॅमेलिया सायनेन्सिस नावाचं, कॅमेलियाच्या कुळातलं. मोकळं सोडलं तर ते चांगलं उंच वाढतं. छाटून छाटून त्याला कमरेएवढं ठेवतात, म्हणजे खुडणाऱ्या हाताला वरची पालवी सहज लागते. चीनमधली बारीक पानांची जात थंडी सोसते, आसामची रुंद पानांची जात उष्ण दमट हवेत फोफावते. जगातला हिरवा, पांढरा, काळा, ऊलाँग असा सगळा चहा ह्या एकाच झाडाचा. फरक पडतो तो खुडल्यानंतर.

एक कळी आणि दोन पानं खुडली की घड्याळ सुरू होतं. वांगं चिरून ठेवलं की काळं पडतं, तसंच पानाचं होतं. पेशी फुटल्या की आतली विकरं हवेतल्या प्राणवायूच्या मदतीने रंग आणि चव बदलू लागतात. ही क्रिया होऊच द्यायची नसेल तर पान ताबडतोब तापवतात. जपानात वाफेवर, चीनमध्ये बहुधा कढईत. तो हिरवा चहा. अर्धवट होऊ दिली की ऊलाँग. पुरती होऊ दिली की आपला काळा चहा. कारखान्यात पान आधी रात्रभर सुकवून मऊ करतात, मग चुरगळतात किंवा चिरडतात, रंग येऊ देतात आणि शेवटी गरम हवेत वाळवून ती क्रिया थांबवतात. साधारण चार-साडेचार किलो ओल्या पानांचा एक किलो चहा होतो.

चिंचोटीच्या पातेल्यासाठी ह्यातला चिरडण्याचा टप्पा फार मोलाचा. १९३० च्या सुमारास आसामच्या आमगुरी बागेत विल्यम मॅकर्चर ह्या व्यवस्थापकाने दातेरी रुळांचं एक यंत्र वापरात आणलं. वेगवेगळ्या गतीने फिरणाऱ्या दोन रुळांमधून पान जातं, चिरडलं जातं, फाटतं, आणि त्याचे बारीक दाणे होतात. हाच सीटीसी चहा. पुड्यावर ही तीन अक्षरं आपण रोज बघतो आणि वाचत नाही. ह्या दाण्याला सुगंध कमी, पण रंग झटकन सुटतो, कडकपणा भरपूर, आणि एका किलोत कप जास्त होतात. स्वातंत्र्यानंतरच्या काही दशकांत ह्या यंत्राने देश व्यापला. आज भारतात होणारा बहुतांश चहा सीटीसीच आहे. दार्जिलिंगच्या नाजूक पानावर दूध ओतलं तर तो चहा बिचारा नाहीसा होतो. सीटीसी दुधाला पुरून उरतो. आलं, साखर, दूध, दोन उकळ्या एवढं सगळं सोसूनही चव शिल्लक ठेवणारा चहा ह्या यंत्रामुळे स्वस्तात मिळू लागला.

म्हणून उकळलेल्या चहाला नाकं मुरडणाऱ्यांशी माझं भांडण आहे. पाणी किती तापलेलं हवं, पान किती मिनिटं मुरवायचं, दूध आधी की चहा आधी, ह्यावर इंग्रजांनी बरीच शाई खर्च केली. जॉर्ज ऑर्वेलने १९४६ मध्ये चांगल्या चहाचे अकरा नियम सांगितले. १९८० मध्ये तर चव तपासण्यासाठी चहा कसा करावा ह्याचं आंतरराष्ट्रीय मानकही निघालं. शंभर मिलिलिटर पाण्याला दोन ग्रॅम चहा, सहा मिनिटं. नाजूक पानासाठी हे सगळं ठीक आहे. टपरीवाल्याच्या हातातला माल वेगळा, गिऱ्हाईक वेगळं, आणि त्याची रीत त्या मालाला चपखल बसलेली. उकळल्याने पानातला कडवट तुरटपणा बाहेर येतो हे खरं. पण दुधातली प्रथिनं त्या तुरटपणाला धरून ठेवतात आणि साखर उरलेलं काम करते. ही बिघडलेली इंग्रजी रीत नव्हे. ही स्वतंत्र पाककृती आहे.

शिवाय ती वाटते तेवढी नवीही नाही. चिंचोटीहून हाच महामार्ग सरळ सुरतेला जातो. १६३८ मध्ये सुरतेला आलेल्या मांडेल्स्लो नावाच्या जर्मन प्रवाशाने तिथल्या चहापानाची नोंद केली आहे. १६८९ मध्ये तिथे असलेला इंग्रज पाद्री जॉन ओव्हिंग्टन सांगतो की लोक चहात गरम मसाल्याचे पदार्थ घालून पाणी उकळतात, खडीसाखरेबरोबर किंवा मुरवलेल्या लिंबाबरोबर तो घेतात, आणि डोकेदुखी, पोटदुखीवर तो गुणकारी समजतात. इंग्लंडात सामान्य माणसाला चहा परवडू लागण्याच्या कितीतरी आधी सुरतेच्या बंदरावर चिनी पानांचा मसालेदार काढा प्याला जात होता. तो बंदरापुरता राहिला, देशभर पसरला नाही, कारण पान चीनहून जहाजाने यायचं आणि महाग असायचं. तरी इंग्रजांनी आपल्याला चहा शिकवला हे वाक्य आता जरा सांभाळून वापरायला हवं.

दुसरा धागा तर थेट वसईचाच आहे. १६६१ च्या तहाने पोर्तुगालची राजकन्या कॅथरिन ऑफ ब्रॅगान्झा इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्सला द्यायचं ठरलं आणि हुंड्यात मुंबई बेट दिलं गेलं. ती मुंबई तेव्हा पोर्तुगिजांच्या उत्तर प्रांतात होती, आणि त्या प्रांताचं मुख्य ठाणं होतं वसईचा किल्ला. इकडच्या पोर्तुगिजांना हा व्यवहार पसंत नव्हता, आणि मुंबई प्रत्यक्ष इंग्रजांच्या हाती पडायला १६६५ उजाडलं. पोर्तुगीज दरबारात वाढलेल्या कॅथरिनला चहाची सवय होती, आणि १६६२ मध्ये ती लंडनला गेल्यावर तिथल्या उमरावांत चहाची टूम निघाली. इंग्लंडला चहा तिनेच नेला असं सांगितलं जातं, ते खरं नाही. १६६० च्या सप्टेंबरात सॅम्युअल पेपिसने आपल्या रोजनिशीत पहिल्या कपाची नोंद करून ठेवलेली आहे, तेव्हा लंडनच्या कॉफीगृहांत चहा मिळत होताच. तिने त्याला प्रतिष्ठा दिली एवढं खरं. पण एकाच लग्नाने मुंबई इंग्रजांकडे गेली आणि चहा इंग्रजी दरबारात शिरला, हा योगायोग वसईकराने विसरू नये असा आहे. पुढच्या दोनशे वर्षांत ह्या दोन गोष्टींची गाठ फार वाईट रीतीने पडायची होती.

ती अशी. इंग्लंडची चहाची तहान वाढत गेली आणि चीन त्याच्या बदल्यात चांदी मागू लागला. चांदी संपू लागल्यावर इंग्रजांनी उपाय काढला अफूचा. बंगालची अफू कलकत्त्यातून जायची आणि माळव्याची आपल्या किनाऱ्यावरून. आधी बरीचशी पोर्तुगीज दमणमधून चोरवाटेने, नंतर मुंबईतून. मुंबईच्या कितीतरी मोठ्या पेढ्या ह्या व्यापारावर उभ्या राहिल्या. ज्यांच्या देणगीतून इस्पितळं आणि कलाशाळा निघाल्या त्या सर जमशेटजी जीजीभॉय यांच्या संपत्तीतही कापसाबरोबर अफूचा वाटा होता. चीनने अफू जप्त केली तेव्हा १८३९ ते १८४२ चं युद्ध झालं. चहाचा इतिहास लिहिणारे बॉस्टनच्या बंदरात १७७३ मध्ये बुडवलेल्या पेट्यांवर पानं खर्च करतात. मुंबईच्या बंदरातून बाहेर गेलेल्या पेट्या मात्र तळटिपेत जातात. ह्या पुस्तकात मी हा क्रम उलटा केला आहे.

चीनवरचं अवलंबन संपवण्यासाठी आसाम उघडला गेला. तिथले सिंगफो लोक रानटी चहाचं पान पूर्वीपासून वापरत होते. १८२३ मध्ये रॉबर्ट ब्रूसला ते झाड मिळालं, ते स्थानिक माणसांनी दाखवलं म्हणून. मणिराम दिवाण ह्यांचा त्यात हात होता असं मानतात. १८३९ च्या जानेवारीत आसामच्या चहाचा पहिला लिलाव लंडनमध्ये झाला. मणिराम दिवाणांनी पुढे स्वतःच्या बागा लावल्या, चहा लावणारे ते पहिले भारतीय बागायतदार. १८५७ च्या उठावाच्या कटात गोवून त्यांना १८५८ मध्ये जोरहाटला फाशी दिलं गेलं. बागांतल्या मजुरांची गोष्ट त्याहून काळी. छोटा नागपूर, संथाळ परगणा, ओडिशा अशा दूरच्या मुलखांतून फसवून, करारात बांधून माणसं नेली. १८६५ च्या कायद्याने तर पळालेल्या मजुराला वॉरंटाशिवाय पकडण्याचा अधिकार मळेवाल्याला दिला. १९२१ मध्ये चरगोला खोऱ्यातले हजारो मजूर बागा सोडून गावाकडे चालत निघाले तेव्हा चांदपूरच्या स्थानकावर त्यांच्यावर बळ वापरलं गेलं. आपल्याकडच्या पाड्यांवरचा माणूस वीटभट्टीवर उचल घेऊन बांधला जातो हे ज्यांनी पाहिलं आहे, त्यांना हे प्रकरण वाचताना फार कल्पना लढवावी लागणार नाही.

एवढा चहा पिकू लागला तरी भारतीय माणूस तो पीत नव्हता. आपली ही रोजची सवय जेमतेम शंभर वर्षांची आहे, आणि ती लावण्यात आली आहे. १९०३ मध्ये निर्यातीवर उपकर बसवून प्रचारासाठी पैसा उभा केला गेला. पहिल्या महायुद्धाच्या काळात गिरण्या, कारखाने आणि कोळसाखाणी इथे चहाचे स्टॉल लागले, कामगाराला चहाची सुट्टी मिळू लागली. रेल्वे स्थानकांवर फेरीवाल्यांना किटल्या आणि चहाचे पुडे पुरवले गेले. प्रचारकांचा आग्रह इंग्रजी पद्धतीचा होता, पान जास्त आणि दूध-साखर बेताची. फेरीवाल्यांनी तो ऐकून घेतला आणि पान कमी करून दूध, साखर, मसाला वाढवला. महागडी पत्ती वाचली आणि गिऱ्हाईकही खूश झालं. बागायतदारांची संघटना ह्यावर नाराज होती. हरले ते बागायतदार. चिंचोटीचं पातेलं हा त्या हरण्याचा पुरावा आहे.

मराठी मुलखात चहा शिरला तो वादासकट. १८९० मध्ये गोपाळ विनायक जोशी, म्हणजे आनंदीबाईंचे यजमान, यांच्या पुढाकाराने पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये एक कार्यक्रम झाला. न्यायमूर्ती रानडे, लोकमान्य टिळक अशी बडी मंडळी हजर होती. व्याख्यानानंतर चहा-बिस्किटं आली. कोणी घेतली, कोणी नुसता कप हाती धरला. पुढे जोशीबुवांनी हजर असलेल्यांची नावं छापून आणली आणि पुण्यात वणवा पेटला. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेलं. आपण काशीत प्रायश्चित्त घेतलं आहे, असं टिळकांनी सांगितलं. रानड्यांनी १८९२ मध्ये प्रायश्चित्त घेतलं, तेव्हा सुधारकांनाच वाईट वाटलं. रमाबाई रानड्यांच्या आठवणींत ही हकिकत आली आहे. मला ह्यात जोशीबुवांचा खोडकरपणा आवडतो. जात कुठे दडली आहे हे बघायला त्यांना ग्रंथ लागले नाहीत, एक कप पुरला. पुढे खेड्यापाड्यांतल्या हॉटेलांत दलितांसाठी वेगळ्या कपबशा बाहेर ठेवल्या जात. चहाने जात मोडली असं म्हणणाऱ्यांनी त्या कपबशाही लक्षात ठेवाव्यात.

मुंबईत इराण्यांनी संगमरवरी टेबलावर चहा मांडला, पुण्यात राजस्थानातून आलेल्या श्रीमाळी ब्राह्मण कुटुंबांनी अमृततुल्यची पितळी भांडी लावली. त्यांच्यावर आजवर इतकं लिहिलं गेलं आहे की पुढच्या प्रकरणांत मी त्यांना थोडक्यात आटोपलं आहे. पुणेकर रागावतील, रागावोत. पालघरच्या पाड्यांवरचा कोरा चहा मात्र सविस्तर दिला आहे, कारण त्याच्याकडे कोणी बघत नाही. दूध नाही, परवडेल तेवढी साखर, आणि कामावर जाण्याआधी पोटात काहीतरी गरम. कुपोषणावर बोलणाऱ्या आरोग्यसेविकांचा ह्या चहावर राग असतो, कारण जेवणाबरोबर घेतलेल्या कडक चहाने अन्नातलं लोह अंगी कमी लागतं. राग योग्यच आहे. पण भूक मारायला चहा पिणाऱ्याला चहा सोडा असं सांगण्याआधी त्याच्या ताटात काय आहे ते बघावं लागेल.

जगातल्या इतर कपांकडेही मी ह्याच नजरेने गेलो आहे. तिबेटात लोणी आणि मीठ घालून चहा घुसळतात, कारण त्या उंचीवर अंगात ऊब लागते. काश्मिरी नून चहात मीठ आणि चिमूटभर सोडा. मोरोक्कोत पुदिना आणि ढीगभर साखर पडते ती चिनी हिरव्या चहात, झाड तिथलं नाहीच. तुर्कस्तान तर कॉफीचा देश. येमेन हातातून गेल्यावर कॉफी महागली, सरकारने काळ्या समुद्राकाठी रिझेला चहा लावला, आणि आज दरडोई चहा पिण्यात तुर्कांच्या पुढे कोणी नाही. म्यानमारमध्ये पान आंबवून खातात. जपानने चहाची साधना केली, सोळाव्या शतकात सेन नो रिक्यूने तिला शिस्त लावली, आणि आज तोच माचा मुंबईच्या मॉलमध्ये प्लॅस्टिकच्या पेल्यात मिळतो. जपानच्या प्रकरणात मी जरा रेंगाळलो आहे. वाचक कंटाळला तर पानं उलटावीत.

आता थोडं व्यवहाराचं. भारतात पिकणाऱ्या चहापैकी साधारण ऐंशी टक्के आपणच पितो. तरीही बाग आणि कप ह्यांची ओळख नाही. दार्जिलिंगला देशातलं पहिलं भौगोलिक मानांकन मिळालं, आणि तिथल्या पुड्यावर पुष्कळदा बागेचं नावही असतं. रोजच्या सीटीसीत अनेक बागांचं मिश्रण असतं, चव वर्षभर सारखी राहावी म्हणून. त्यात गैर काही नाही. पण त्यामुळे खुडणारा हात आणि पिणारा हात कायमचे तुटतात, आणि बागेतल्या मजुरीची बातमी आपल्याला परक्या देशातली वाटते. स्वस्त सुट्या पावडरीत रंगाची भेसळही होते. ओल्या टिपकागदावर चिमूटभर पावडर टाका. लगेच रंगाचे डाग पसरले तर ती वाण्याला परत द्या.

हे पुस्तक वाचून कोणी दूध-साखर सोडावी असा माझा हेतू नाही, मीही सोडलेली नाही. वाचकांकडे एकच मागणं आहे. पुढचा पुडा घेताना त्याची मागची बाजू वाचा, आणि चहा कुठल्या भागातला आहे, कोणत्या बागांचा आहे, हे दुकानदाराला विचारा. त्याला बहुधा सांगता येणार नाही. तरी विचारत राहा, कारण गिऱ्हाईक विचारू लागल्याशिवाय कंपन्या ते छापणार नाहीत.